साडेचार रुपयांचा तास

दहावीतल्या नातीने एक जाडजूड इंग्रजी पुस्तक माझ्यापुढे टाकले आणि फर्मावले, "आजोबा, हे वाचाच." रोलिंगबाईंच्या हॅरी पॉटर मालिकेतले ते तिसरे पुस्तक, १९९९ सालचे.

त्यात हर्मायनी नावाची एक मुलगी आहे. तिच्या गळ्यातल्या साखळीत चिमुकले वाळूचे घड्याळ असते. एकदा फिरवले की माणूस एक तास मागे! आणि या जादूचा ती उपयोग काय करते, तर एकाच वेळी असणाऱ्या दोन-दोन वर्गांना बसते! (थेट आमच्या घराण्यातली.) हसलो खरा, पण रात्री झोप येईना.

१९७१ साली गावाहून तार आली होती, 'आप्पा अत्यवस्थ, निघा.' मार्चअखेरचा हिशेब साडेचार रुपयांनी चुकत होता. चूक सापडायला तास लागला. रात्रीची गाडी गेली. सकाळच्या गाडीने पोचलो, तेव्हा अंगणात तिरडी बांधून झाली होती. आईने एवढेच विचारले, "काही खाल्लेस का रे?"

त्या घड्याळाची एक अट आहे. आपण आपल्याच दृष्टीस पडायचे नाही. म्हणजे मागे जाऊनही मी कचेरीच्या दाराआडून त्या खर्डेघाशाकडे नुसते पाहत राहायचे. 'ऊठ, गाडी जाईल' म्हणायचे नाही.

सकाळी नातीला विचारले, "शेवटी त्या पोरीने घड्याळाचे काय केले गं?"

"परत देऊन टाकले. फार दमली होती ती, आजोबा."