निसर्गचित्राचा पेपर

घार बघता बघता माणूस दिसला. रविवारी ओव्हल मैदानावर एकात एक घुसलेले इतके सामने चालू असतात, की आपल्या घरचा पोरगा कुठल्या सामन्यात क्षेत्ररक्षण करतोय ते थोड्या वेळानं कळेनासं होतं. माझंही तसंच झालं. मग भाच्याचीच दुर्बीण उचलून मी राजाबाई टॉवरभोवती घिरट्या घालणाऱ्या घारीच्या मागे लागले. घार टेकली ती एका दगडी डोक्यावर. डोक्यावर पगडी होती. पगडीखाली चेहरा, खाली अंगरख्याच्या चुण्या, सगळं नीट, सावकाशीनं केलेलं. त्या रस्त्यानं मी आयुष्यभर गेलेय आणि त्या मनोऱ्याकडं पाहिलंय ते फक्त वेळ बघायला.

अशी चोवीस माणसं आहेत वर. पश्चिम हिंदुस्थानातल्या निरनिराळ्या जातीजमातींचे नमुने म्हणून ती घडवली गेली. ‘नमुने’ म्हटलं की माझ्या कपाळाला आठी पडते. एकोणिसाव्या शतकातल्या साहेबाला माणसांचीही फुलपाखरांसारखी पेटी लावायची हौस होती. पण पेटीतलं फुलपाखरू निदान नजरेसमोर तरी असतं. ही माणसं इतक्या उंच बसवलीत, की खालून जाणाऱ्याला ती दिसूच नयेत. मग पगडीचा एकेक पीळ इतक्या निगुतीनं कोणासाठी कोरला?

टोकदार कमानींच्या या गॉथिक इमारतीचा आराखडा जॉर्ज गिल्बर्ट स्कॉटचा. लंडनचं सेंट पॅन्क्रस स्टेशनपुढचं लालभडक हॉटेल त्याचंच. हा गृहस्थ मुंबईला कधी आला नाही. १८६९ मध्ये काम सुरू झालं, मनोरा पुरा झाला १८७८ च्या नोव्हेंबरात, आणि त्याच वर्षी मार्चमध्ये स्कॉट वारला. पैसा कापसाचा: अमेरिकेत यादवी पेटली, तिकडचा कापूस अडला, इकडं प्रेमचंद रायचंदांनी तेजीत अमाप कमावलं आणि मनोऱ्यासाठी दोन लाख रुपये देऊन त्याला आईचं नाव लावून घेतलं. १८६५ मध्ये तेजी कोसळली, प्रेमचंद बुडाले. दान दिलेले पैसे तेवढे वाचले. हे सगळं मुंबईच्या कुठल्याही पुस्तकात सापडतं. त्या मानानं कमी सापडतं ते मूर्तींचे नमुने तयार करणाऱ्याचं नाव, रावबहादूर मुकुंद रामचंद्र, कामावरचे असिस्टंट इंजिनिअर. नकाशे बोटीनं आले असतील. पगडी कशी बांधतात ते मात्र मुकुंदरावांना कोणी पत्रानं कळवायची गरज नव्हती.

या सगळ्या गॉथिक प्रकरणामागे एक लांब दाढीचा, चिडखोर, विलक्षण सुंदर इंग्रजी लिहिणारा माणूस आहे, जॉन रस्किन. १८५३ मध्ये त्यानं व्हेनिसवरच्या ग्रंथात लिहिलं, की गॉथिक इमारत मोठी का, तर तिच्यात गवंड्या-पाथरवटाला स्वतःचं डोकं चालवायची मुभा असते. काम ओबडधोबड झालं तरी चालेल, पण ते करणारा गुलाम नसावा. किती मोठ्या मनाचा विचार! आणि हाच माणूस १८५८ च्या जानेवारीत, सत्तावनच्या बंडाची आग अजून विझलेली नसताना, लंडनमधल्या साउथ केन्सिंग्टनला भाषण करायला उभा राहिला आणि म्हणाला, की हिंदुस्थानी कारागिराचे रंग-रेषा अप्रतिम, पण तो निसर्गाकडं पाहतच नाही. सृष्टीतली कुठलीही गोष्ट जशी आहे तशी काढायला तो मुळी तयारच नसतो, आणि अशा लोकांच्या अंगी क्रौर्य येतं. रस्किन हिंदुस्थानात कधी आला नाही.

मी हे भाषण वाचलं तेव्हा मला राग यायच्या आधी आमचे ड्रॉइंगचे सर आठवले.

महाराष्ट्रात शाळेत गेलेल्या माणसाला एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या चित्रकलेच्या परीक्षा म्हणजे काय ते सांगावं लागत नाही. आम्ही इंटरमिजिएटला तालुक्याच्या शाळेत बसलो होतो. पहाटेची एसटी, बगलेत ड्रॉइंग बोर्ड, पिशवीत पाण्याचा डबा आणि क्लिपा. निसर्गचित्राच्या पेपरला दर चार-पाच मुलांमध्ये एक बाटली आणि बाटलीत एक फांदी. पलीकडच्या रांगेला तगर आली. तगर म्हणजे देवानं परीक्षार्थींसाठीच केलेलं फूल. पाच पाकळ्या, एकच रंग, तोही कागदाचाच. कण्हेर आलेले पण सुटले, लांब लांब पानं ओढायची आणि मोकळं व्हायचं. आमच्या नशिबी जास्वंद. जास्वंदीच्या पानाला करवतीसारखी कड, पाकळी दुमडलेली, तिच्या पोटात अंधार, आणि मधून बाहेर आलेला तो परागांचा दांडा नेमका माझ्या डोळ्यांवर रोखलेला. समोरून येणारी वस्तू आखूड दिसते, हे वर्गात शंभरदा ऐकलेलं. पण हात ऐकेना. हात दांडा लांबच काढायचा, कारण तो लांब असतो हे हाताला ठाऊक होतं.

सरांचं वाक्य आम्हाला पाठ होतं. दिसतं ते काढ, माहीत आहे ते काढू नकोस. गावच्या शाळेत ड्रॉइंगसोबत पीटीचाही तास घेणारा हा माणूस. रस्किनचं नाव त्यांनी ऐकलं असेल असं मला वाटत नाही. पण रस्किननं आयुष्यभर जे ठासून सांगितलं, ते त्यांनी खडू फेकून मारत आठ शब्दांत सांगितलं होतं.

अकराच्या सुमारास आमची जास्वंद मान टाकू लागली. रंग भरायला घ्यावा तोवर तिनं पाकळ्या मिटायला सुरुवात केली, आणि मग पटकन फूलच देठातून सुटून बाकावर पडलं. शेजारची मुलगी रडायला लागली. पर्यवेक्षक बाई आल्या, त्यांनी पदराच्या टोकाचा एक धागा ओढून तोडला, फूल फांदीला बांधलं आणि म्हणाल्या, “काढा आता, धागा काढू नका.” आम्ही सगळ्यांनी धागा गाळला. एकानं तेवढा काढला, लाल पाकळीखाली हिरव्या धाग्याची बारीक गाठ. तो आता ठाण्यात फ्लेक्स छापतो.

दुसऱ्या दिवशी संकल्पचित्र. तिथं सरांचा सूर पार बदललेला. कालचं फूल विसरा. इथं शेडिंग नको, सावली नको, पोस्टर कलर सपाट बसला पाहिजे, डावीकडं पान तर उजवीकडं पान, आणि दोन्ही तंतोतंत सारखी. देवानं सारखी केली नसली तरी तुम्ही करा, असं ते म्हणत. मला तेव्हाही हा पेपर आवडत नसे आणि आजही घराच्या भिंतीवर सपाट, दोन्हीकडं सारखी फुलं दिसली की माझा जीव घुसमटतो.

फार उशिरा कळलं, की ती दोन दिवसांची परीक्षा म्हणजे लंडनमधलं एक जुनं भांडण होतं. साउथ केन्सिंग्टनच्या संग्रहालय-कलाशाळेतल्या मंडळींचं म्हणणं, फुलापानांतून नियम काढा, सपाट करा, सारखं करा, की ती झाली नक्षी. ओवेन जोन्सनं १८५६ मध्ये जगभरच्या नक्ष्यांचा मोठा ग्रंथच काढला, आणि त्यात हिंदुस्थानी नक्षीची तोंडभरून स्तुती केली. रस्किनला नेमका याचाच तिटकारा. तो म्हणे, आधी फूल बघा. साउथ केन्सिंग्टनची शिकवण जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधून शाळाशाळांत उतरली, तीतच आमच्या या परीक्षांची मुळं. इंग्लंडात दोन पक्ष एकमेकांवर तुटून पडले होते, आमच्याकडं दोघांनाही वेळापत्रकात जागा मिळाली.

१८६५ मध्ये जे. जे.त दोन तरुण शिक्षक आले. लॉकवुड किपलिंग शिल्पं शिकवायला. रडयार्ड त्याच वर्षाअखेरीस इथंच आवारात जन्मला, पण मला बापच जास्त आवडतो. क्रॉफर्ड मार्केटच्या दारांवरच्या कमानींत ओझी वाहणारी शेतकरी माणसं आहेत, ती त्याची. दुसरा जॉन ग्रिफिथ्स, स्वतः साउथ केन्सिंग्टनला शिकलेला. ग्रिफिथ्स १८७२ पासून विद्यार्थ्यांना घेऊन अजिंठ्याला जाऊ लागला. पेस्तनजी बोमनजी त्यांतला सगळ्यांत गाजलेला. लेण्यांच्या अंधारात बसून ही मुलं भिंतींवरची चित्रं उतरवत. जवळजवळ तेरा वर्षं हे काम चाललं. दुसऱ्या लेण्यात हंसांची एक रांग आहे. एक मान वळवतोय, एक पंख चोचीनं साफ करतोय, एक मागं वळून कुणावर तरी ओरडतोय. एकासारखा दुसरा नाही. रस्किनचं भाषण माहीत असलेल्या माणसानं त्या रांगेपुढं उभं राहून पाहावं.

चित्रं नीट दिसावीत म्हणून ग्रिफिथ्सनं भिंतींवर व्हार्निश फिरवलं. ते पुढं काळवंडलं. इतकं प्रेम करणाऱ्याच्या हातून हे व्हावं! आणि उतरवलेली चित्रं विलायतेला गेली ती जळायलाच म्हणायची. ग्रिफिथ्सच्या आधी रॉबर्ट गिलनं कित्येक वर्षं अजिंठ्याला राहून प्रती केल्या होत्या. त्या सिडनमच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये टांगल्या होत्या. १८६६ च्या डिसेंबरात तिथं आग लागली, बहुतेक सगळ्या गेल्या. ग्रिफिथ्सच्या मुलांच्या प्रती साउथ केन्सिंग्टनला ठेवल्या, तिथं १८८५ मध्ये आग लागली आणि त्यांतल्याही कितीतरी गेल्या. म्हणजे ज्या साउथ केन्सिंग्टनला रस्किन म्हणाला की हे लोक निसर्ग पाहत नाहीत, तिथंच नंतर ते हंस गेले.

त्याच सुमाराला, जे. जे.पासून चालत पाच मिनिटांवर, व्हीटी उभं राहत होतं. आता ते छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस आहे, पण टॅक्सीवाल्याला सांगताना माझ्या तोंडी जुनंच येतं. फ्रेडरिक स्टीव्हन्सचा आराखडा, १८७८ ते १८८८ अशी दहा वर्षं, सोळा लाखांवर खर्च. सीताराम खंडेराव आणि महादेव जनार्दन हे त्याचे इथले मदतनीस. कोरीवकाम ग्रिफिथ्सच्या हाताखाली जे. जे.च्या विद्यार्थ्यांनी केलं. अजिंठ्याला गेलेलेच हात इथं लागले असं मी म्हणत नाही. शाळा एक होती, गुरू एक होता, एवढंच.

मुख्य घुमटावरची ती मशालवाली ‘प्रगती’ मला अजिबात आवडत नाही. बक्षीस समारंभाला उभी केलेली वाटते. फाटकावरचा सिंह म्हणजे इंग्लंड आणि वाघ म्हणजे हिंदुस्थान, हाही हिशेब जरा जास्तच सोपा. माझं मन रमतं ते खालच्या पातळीवर, खांबांच्या माथ्यांशी, कमानींच्या पोटांत. तिथं मोर आहेत, माकडं आहेत, पानांतून डोकावणारी बारकी जनावरं आहेत, आणि पानं तर अशी की कुठल्या झाडाची म्हणून वाकून बघावं. एका खांबावरची दुसऱ्यावर नाहीत. साहेबानं नकाशात लिहिलं असणार, ‘इथं पानं’. कुठली, ते छिन्नी धरणाऱ्यानं ठरवलं. रस्किनला जे गॉथिक हवं होतं ते हेच होतं, आणि केलं कोणी, तर ज्यांना निसर्ग दिसत नाही असं त्याचं ठाम मत होतं त्यांनी.

जगभर हे असंच झालेलं दिसतं. राणीच्या राज्याबरोबर टोकदार कमानी सगळीकडं गेल्या, आणि सगळीकडं पाथरवटांनी त्यांच्यात आपापली जनावरं सोडली. सिडनी विद्यापीठाच्या दगडी चौकात पन्हाळीच्या तोंडाशी कांगारू आहे. खुद्द रस्किननं ज्यात जातीनं लक्ष घातलं ते ऑक्सफर्डचं निसर्गविज्ञान संग्रहालय घ्या. तिथं आयर्लंडहून आलेले ओ’शे बंधू रोज सकाळी बागेतून ताजी झाडं आणवत आणि समोर ठेवून दगडात उतरवत. त्यांतल्या जेम्सनं एका खिडकीवर माकडं कोरायला घेतली. विद्यापीठाच्या मंडळींना ते खपलं नाही आणि त्याला कामावरून काढलं, असं सांगतात. चिडलेल्या जेम्सनं दारावर पोपट आणि घुबडं कोरली: ही तुमची विद्वत्सभा! मग त्यालाच त्यांची मुंडकी उडवायला लावली. कारागिराला मुभा द्या म्हणणं सोपं. त्यानं ती खरोखर घेतली की पंचाईत. मुंबईतल्या पोरांनी व्हीटीच्या खांबांवर माकडं बसवली आणि त्यांची मुंडकी अजून शाबूत आहेत. हायकोर्टातल्या खांबावर तर एका डोळ्यावर पट्टी बांधून तराजू धरलेलं माकडच न्यायाधीश म्हणून बसलंय. फुकट गेलेल्या कुठल्याशा खटल्याचा तो सूड, असं वकील मंडळी रंगवून सांगतात. खरं-खोटं ते जाणोत, पण कोर्टानं ते माकड काढलेलं नाही, हे मला कोर्टाच्या बाजूनं सांगावंसं वाटतं.

कोरीवकामासाठी वापरलेला पोरबंदरचा दगड नरम असतो, छिन्नीला लवकर वश होतो. वाऱ्यातल्या खाऱ्या ओलीला आणि गाड्यांच्या धुरालाही तितक्याच लवकर वश होतो. काही पानांच्या कडा आताच बोथट झाल्यात. तुमच्या घरात कुणी यंदा एलिमेंटरी-इंटरमिजिएटला बसणार असेल, तर एखाद्या रविवारी सकाळी गर्दी व्हायच्या आत त्याला वही-पेन्सिल घेऊन व्हीटीला न्या. एका खांबापुढं उभं करा. मोबाइलवर फोटो काढून घरी येऊन उतरवू देऊ नका. तिथंच, दिसतं ते काढायला लावा.