ओळखीचा वाढपी

वाढपी ओळखीचा असला की पंगतीत कुठेही बसले तरी चालते, असे आपल्याकडे म्हणतात. ओळख दाखवायची ती वाढप्याने, जेवणाऱ्याने फक्त पान पुढे करायचे, हे या म्हणीत गृहीतच धरलेले आहे. गेल्या हिवाळ्यात जालन्याच्या भर बाजारातल्या एका हॉटेलात मला ओळखीचा वाढपी भेटला आणि ही म्हण आपण आजवर एकाच बाजूने वाचत आलो, हे ध्यानात आले.

'हॉटेल' हा शब्द आपण मराठी माणसे फार सैलपणे वापरतो. मुक्कामाची सोय असो वा नसो, चार बाकडी आणि एक भट्टी असली तरी ते हॉटेलच. पाटीवर मात्र पुष्कळदा 'उपहारगृह' असे लिहिलेले असते. उपाहार म्हणजे फराळ आणि उपहार म्हणजे भेट. एक काना गळाला की खाण्याचे घर भेटवस्तूंचे घर होते. मराठीच्या मास्तराला अशा पाट्या वाचून मनातल्या मनात दुरुस्त केल्याशिवाय पुढे जाता येत नाही. आमच्या शहरात वाचण्यासारखे पुष्कळ आहे. कुंडलिकेच्या एका काठाला जुना जालना, तिथल्या पोलीस ठाण्याच्या नावात अजून 'कदीम' हा शब्द नांदतो. दुसऱ्या काठाला नवा जालना आणि सदर बाजार. 'जालना सोने का पालना' ही म्हण इथे लहान मुलालाही पाठ असते. बियाण्यांच्या कंपन्या, सळयांचे कारखाने आणि मोसंबीचा व्यापार यांमुळे रात्री नऊनंतर बाजारातली हॉटेले भरून जातात. बियाण्यांचे प्रतिनिधी, लोखंडाचे दलाल, लग्नाची खरेदी आटोपून आलेली कुटुंबे, असे सगळे एका छताखाली शेवभाजी नि तंदुरी रोटीची वाट पाहत बसलेले असतात.

एका छताखाली हे बसणे वाटते तितके जुने नाही. माझे वडील कापूस घेऊन जालन्याला येत, तेव्हा हॉटेलच्या बाहेरच्या बाकावर शिदोरी सोडत. तिथे बसता यावे म्हणून आत एक चहा सांगावा लागे. आत बसून ताट मागवणे त्यांना परवडणारे नव्हते. त्यांचा प्रश्न पैशांचा होता. पैसे असूनही ज्यांना आत बसता येत नसे, त्यांचा प्रश्न निराळा होता. संविधानाच्या पंधराव्या कलमाने दुकाने, उपाहारगृहे आणि हॉटेले सर्व नागरिकांना खुली केली, तेही १९५० साली. १९८४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या शरणकुमार लिंबाळे यांच्या 'अक्करमाशी'त तरीही गावच्या हॉटेलातल्या वेगळ्या कपबशीचा प्रसंग आहे. तो मी वर्गात तन्मयतेने शिकवतो. निदान तसा माझा समज होता.

एम.ए.च्या तोंडी परीक्षेसाठी बाहेरगावाहून एक परीक्षक आले होते. काम आटोपल्यावर पाहुण्यांना चांगल्या ठिकाणी जेवू घालायचे, हा सगळ्याच महाविद्यालयांतला अलिखित नियम. आम्ही विभागातले तिघे त्यांना घेऊन पहिल्या मजल्यावरच्या वातानुकूलित दालनात बसलो. बोलणे साहित्यावरून सुरू झाले आणि पाच मिनिटांत पदोन्नती, रिक्त जागा आणि थकबाकी या नेहमीच्या विषयांवर आले. तेवढ्यात पाण्याचे ग्लास घेऊन एक मुलगा आला. अंगात तपकिरी जाकीट, खिशाला पेन, हातात ऑर्डरचे लहानसे पुस्तक. "सर, रोटी बटर लावून की साधी?" असे त्याने विचारले, तेव्हा मी मेनूकार्डावरून नजर वर केली.

तो माझ्या बी.ए. तृतीय वर्षाच्या वर्गातला होता. सकाळी आठचा तास, शेवटचा बाक. आठवड्यातून दोनदा यायचा आणि आला की डुलक्या घ्यायचा. महिन्याभरापूर्वीच मी भर वर्गात त्याला उभे करून म्हटले होते, "झोपायचे असेल तर खोलीवर झोप. वर्ग म्हणजे धर्मशाळा नव्हे." वर्ग हसला होता. तोही थोडा हसला होता. कमी हजेरीवाल्यांची जी यादी मी माझ्या हस्ताक्षरात फलकावर लावली होती, तिच्यात त्याचे नाव तिसरे होते.

आमची नजरानजर झाली. त्याने ओळख दाखवली नाही. मीही म्हणालो, "साधी." बस्स, एवढेच.

पुढचा तासभर तो आमच्या टेबलाशी होता. पाहुण्यांना वरणाला चव नाही असे वाटले. त्यांनी चुटकी वाजवून "ए पोरा" म्हणून हाक मारली आणि वाटी परत न्यायला सांगितले. त्याने ती नेली, दुसरी आणली, वर "सॉरी सर" म्हणाला. हा आमचा विद्यार्थी आहे, हे चार शब्द माझ्या ओठांवर होते. ते मी बोललो नाही. त्याला संकोच वाटू नये म्हणून आपण गप्प आहोत, अशी मी स्वतःची समजूत घातली. ती अर्धीच खरी होती. संकोच मला वाटत होता. पाहुण्यांसमोर, सहकाऱ्यांसमोर आणि विशेषतः त्या तिसऱ्या नावासमोर. बिल आले तेव्हा बडीशेपेच्या ताटलीत सहकाऱ्याने पन्नासाची नोट ठेवली. आपल्या विद्यार्थ्याला टीप देतात की नाही, दिली तर कोणत्या हाताने, हे मला कोणी शिकवलेले नव्हते. मी बुटाची नाडी बांधत राहिलो.

त्या रात्री झोप लागली नाही. गरीब विद्यार्थ्याच्या जेवणाचा इतिहास आपल्याकडे मोठा आहे. एके काळी ब्राह्मण घरांतली गरीब मुले वार लावून जेवत, माधुकरी मागत. ज्यांना कोणाच्या ओसरीवरही जागा नव्हती त्यांच्यासाठी शाहू महाराजांनी कोल्हापुरात वसतिगृहे उभी केली. १९१९ मध्ये रयत शिक्षण संस्था स्थापन करणाऱ्या कर्मवीरांनी 'कमवा आणि शिका' हा मंत्र दिला. बाबासाहेबांनी १९५० साली औरंगाबादेत महाविद्यालय सुरू केले आणि मराठवाड्यातल्या पोरांना उच्च शिक्षणाचे दार उघडले. हे सगळे मी परीक्षेत पाच गुणांची टीप म्हणून विचारतो. पण आज सदर बाजाराच्या आसपास रात्री रोटी वाढणारी मुले हीदेखील त्याच इतिहासाचे पुढचे पान आहेत, हे माझ्या लक्षात आले नव्हते. फरक इतकाच की या योजनेला कोणाचे नाव नाही आणि तिच्यात हजेरीची सवलत नाही.

दुसऱ्या दिवशी तो आठच्या तासाला वेळेवर हजर होता. तास संपल्यावर मी त्याला थांबवून घेतले. काय बोलायचे हे ठरवले नव्हते. तोच म्हणाला, "सर, काल तुम्ही भात घेतलाच नाही."

मी त्याला पूर्ण वर्षभरात नीट पाहिले नव्हते. त्याने तासाभरात मी काय जेवलो आणि काय नाही, ते पाहिले होते.

मग हळूहळू कळले. हॉटेल साडेबाराला बंद होते. टेबले पुसून, स्वतःचे जेवण उरकून जुन्या जालन्यातल्या खोलीवर पोचायला दीड वाजतो. दोन वेळचे जेवण हॉटेलात, वर महिन्याला पगार. आईवडील मंठा तालुक्यातले, दिवाळीनंतर ऊसतोडीला जातात ते उन्हाळ्याच्या तोंडाशी परततात. यादीतल्या मुलांनी पालकांना घेऊन यावे, असे मी फलकावर लिहिले होते. तो म्हणाला, "पालक आत्ता फडावर आहेत, सर. मालकांची चिठ्ठी चालेल का?"

मी चालेल म्हणालो. दोन दिवसांनी त्याने हॉटेलच्या छापील कागदावर लिहिलेली चिठ्ठी आणून दिली. वर नावाखाली 'उपहारगृह' असेच छापलेले होते. मुलगा प्रामाणिक आहे, रात्री उशिरापर्यंत कामाला असतो, एवढाच मजकूर. ती मी त्याच्या अर्जाला जोडली आणि नाव यादीतून काढले. आठचा तास अकराला घ्यावा, असेही विभागात सुचवले. वेळापत्रक वर्षाच्या मध्ये बदलता येत नाही, असे उत्तर मिळाले. मग शनिवारी दुपारी मी त्याच्यासाठी आणि त्याच्यासारख्या आणखी चौघांसाठी बसू लागलो. चौघे कोण, हे विचारल्यावर समजले. त्याआधी तेही माझ्या लेखी डुलक्या घेणारेच होते.

मार्चमध्ये घरच्या मंडळींना घेऊन मी पुन्हा त्याच हॉटेलात गेलो. जिना चढताना मनाशी ठरवले होते की, या वेळी त्याला नावाने हाक मारायची, बायकोची ओळख करून द्यायची. वर पोचल्यावर कळले की त्या दिवशी त्याची सुट्टी होती.

मला हायसे वाटले. पाणी घेऊन दुसराच मुलगा आला. रोटी साधी की बटर, असे त्याने विचारले. मेनूकार्ड बाजूला ठेवून मी त्याच्याकडे पाहिले आणि तो कोणत्या महाविद्यालयात आहे, हे विचारायचे पुन्हा राहून गेले.