'पाहा' कार्डांची गोष्ट

आमच्या वाचनालयात संगणक आला तेव्हा सभासदांपेक्षा कार्यकारिणीलाच जास्त आनंद झाला. कार्डांचं कपाट हललं की वर्तमानपत्रांच्या टेबलाला जागा होणार होती. कार्डांचा जमाना संपला हे खरंच. जगभरच्या ग्रंथालयांना छापील कार्डं पुरवणाऱ्या अमेरिकेतल्या 'ओसीएलसी'नेसुद्धा 2015 साली ती छापणं थांबवलं. मी देवघेवीच्या टेबलावर होते, म्हणून नोंदी तपासायचं काम माझ्याकडे आलं.

पहिला घोळ फॉन्टचा. नोंदी टाइप करणाऱ्या कंत्राटदाराने युनिकोड नसलेला फॉन्ट वापरला होता. त्या 'कोहा' या ग्रंथालयाच्या संगणकप्रणालीत चढवल्या, तर 'देशपांडे'च्या जागी रोमन अक्षरांचा नि चिन्हांचा गोपाळकाला! ते निस्तरलं. खरी पंचाईत पुढेच होती.

एका आजोबांना हरि नारायण आपट्यांची कादंबरी हवी होती. मी 'पण लक्षात कोण घेतो' टाइप केलं. संगणक म्हणाला, नाही. पुस्तक तर समोरच्या मांडणीत होतं. प्रत जुनी, शीर्षकात 'लक्षांत', अनुस्वारासकट. 1962 च्या शुद्धलेखन नियमांनी असे अनुच्चारित अनुस्वार गेले, पण त्याआधीच्या पुस्तकांवर ते कायम आहेत आणि नोंद शीर्षकपृष्ठाबरहुकूमच करायची असते. माणूस त्या टिंबाकडे काणाडोळा करतो, संगणक करत नाही. 'दुसऱ्या'तला अर्धा र तर दोन तऱ्हांनी टाइप होतो. पडद्यावर फरक दिसत नाही, पण आतले संकेत निराळे. मग डोळे फाडून बघितलं तरी चूक कुठे आहे ते कळत नाही.

आणि ती 'पाहा' कार्डं. जुन्या ग्रंथपालांच्या बारीक, टाकाने काढलेल्या अक्षरात: 'गोविंदाग्रज – पाहा: गडकरी, राम गणेश'. 'बाळकराम'चं वेगळं कार्ड, तेही गडकऱ्यांकडेच पाठवणारं. कंत्राटदाराला पैसे पुस्तकामागे मिळत होते. या कार्डांमागे पुस्तक नाही, म्हणून त्याने ती सरळ वगळली. माझ्या मते अख्ख्या कपाटातली निम्मी अक्कल त्याच कार्डांत होती.

संगणकाला हे जमत नाही असं मुळीच नाही. लेखकाचं एक प्रमाण नाव ठरवून त्याला टोपणनावं जोडता येतात, शीर्षकाचं आजच्या लेखनातलं रूप जादा टाकता येतं. एकदा ते केलं की कार्डांना कधी जमलं नसतं ते होतं: शीर्षकातला मधलाच एखादा शब्द आठवला तरी पुस्तक सापडतं, आणि ते बाहेर गेलंय की आत आहे हे सभासदाला घरबसल्या मोबाइलवर कळतं. फक्त हे जोडकाम कुणीतरी बसून करावं लागतं, आणि ते करणाऱ्याला मराठी पुस्तकं माहीत असावी लागतात. टायपिंगच्या दराने ते होत नाही.

ज्या वाचनालयांत हे काम अजून व्हायचं आहे, त्यांना एवढंच सांगणं: कार्डं रद्दीत घालण्याआधी 'पाहा' कार्डं वेगळी काढा, आणि कंत्राटात त्यांचा दर आधीच लिहून घ्या.