तंबीचे घर

पेरुंगुडीच्या आमच्या बिऱ्हाडात कपाटावर एक चित्र चिकटवलेले आहे : वेष्टी नेसलेला, हात जोडून उभा असा घोडा. २०२२ साली महाबलीपुरमला भरलेल्या ४४ व्या बुद्धिबळ ऑलिंपियाडचे हे बोधचिन्ह. नाव तंबी, म्हणजे धाकटा भाऊ. मोबाइलवर बुद्धिबळ खेळता खेळता चिरंजीवांनी परवा पृच्छा केली, "बाबा, तंबी मिरवतो एवढा, पण पटावर काय कामाचा? वजीर बघा!"

आमचाही समज तोच होता. पण पट मांडून घरे मोजली. कोपऱ्यातल्या घोड्याला अवघी दोन घरे. मध्यावर तोच आठ घरांवर मारा करतो. शिवाय वाटेतली मोहरी ओलांडून जाणे वजिरालाही साधत नाही. उणीव घोड्यात नव्हे, त्याच्या जागेत!

आणि मन चरकले. बदलीवर येऊन तीन वर्षे झाली. आम्ही कचेरी आणि बिऱ्हाड या दोनच घरांत फिरत आहो, आणि दोष मात्र गावाला देत आहो.

संध्याकाळी खाली उतरून कोपऱ्यावरच्या वृद्ध इस्त्रीवाल्याची मोडक्या तमिळमध्ये विचारपूस केली. तो हसून म्हणाला, "नल्ला इरुक्केन, तंबी."

तिसरे घर सापडले.