मृगाचं आळं

परसात वेल कधी लावायची, याचं पुस्तकी उत्तर सोपं आहे. पावसाळी लागवड जून-जुलैत, उन्हाळी जानेवारी-फेब्रुवारीत. पुस्तक खोटं नाही. पण मिरजगाव कर्जत तालुक्यातलं, पर्जन्यछायेतलं गाव. इथल्या बाया आधी आभाळाकडे बघतात आणि मग घरातल्या हंड्यांकडे.

उन्हाळी वेलीचं थोडक्यात सांगते. थंडी सरली की बी उगवतं, वेल पत्र्यावर चढतेही. पण फळं धरायला लागतात तोवर चैत्र येतो, पत्रा भाजून काढतो, आणि टँकरच्या वर्षी प्यायच्या पाण्यातलं तांब्याभर दोडक्याला घालायला हात धजत नाही. ज्यांच्या बोअरला पाणी आहे त्यांनी ती लावावी. बाकीच्यांची वेल मृगाची.

मृग लागतो ७-८ जूनला. म्हातारी माणसं त्याआधीच पंचांगात नक्षत्राचं वाहन बघून ठेवतात. बेडूक, म्हैस, हत्ती निघाला की चेहरे खुलतात. माझा त्या वाहनापेक्षा त्यांच्या बोटांवर जास्त भरवसा. पहिल्या सरीनं ती फसत नाहीत. त्या सरीनं माती वरवर भिजते, खाली ती तापलेलीच असते. अशात टोचलेलं बी फुगतं, कोंब काढतं आणि करपतं. म्हणून मातीत हात खुपसून बघायचं. वीतभर ओल लागली तर आळं करायचं, नाहीतर आर्द्रापर्यंत थांबायचं. शेजारणीची वेल आधी वर आली तरी थांबायचं.

आळं मोरीच्या पाण्याच्या वाटेवर हवं. जुलैत पाऊस दडी मारतो तेव्हा भांडी घासल्याचं, आंघोळीचं पाणीच वेलीला जगवतं. खाली कुजलेलं शेणखत. कारल्याचं बी टणक, ते आदल्या रात्री भिजत घालायचं. कोंब दोन पानांवर आले की तांबडे भुंगेरे येतात. सकाळी दव असतानाच पानांवर राख धुरळायची.

लागवडीचा खरा हिशेब मात्र पुढून मागे येतो. पितरपाठात ताटात कारलं हवं, भोपळा हवा. कारलं, दोडका, दुधी साधारण दोन महिन्यांत हाताशी येतात; तांबडा भोपळा पिकायला तीन महिने आणि वर काही दिवस घेतो. २०२५मध्ये पितृपंधरवडा ८ सप्टेंबरला लागला, म्हणजे मृगापासून बरोबर तीन महिन्यांनी. २०२३मध्ये अधिक श्रावण आला आणि तोच पंधरवडा सप्टेंबरच्या अखेरीवर गेला. मृग सूर्याचा, तो जागा सोडत नाही. पितर चंद्राच्या तिथीनं येतात. त्या २०२३चा ऑगस्ट तर देशभरात १९०१पासूनच्या नोंदींतला सगळ्यांत कोरडा. अशा वर्षी मृगातली वेल पितरांच्या आधीच थकून जाते. म्हणून सगळं बी एकाच दिवशी संपवू नये. दोन आळी मृगात, एक पुनर्वसूत; मागून लावलेल्या वेलीला उत्तरा-हस्ताचा पाऊस सापडतो, आणि आमच्याकडे भरवशाचा पाऊस बहुतेक तोच.

वेल फुलावर आली की नव्या सुना घाबरतात, कारण पहिली फुलं नुसतीच गळतात. ती नर फुलं असतात. थोडे दिवस धीर धरला की देठाशी इवलंसं फळ घेऊन मादी फुलं येतात. दुधीची पांढरी आणि दोडक्याची पिवळी फुलं संध्याकाळी उमलतात, दुधीवर रात्री पतंग येतात. कारल्याची आणि तांबड्या भोपळ्याची सकाळी, ती मधमाश्यांची. फुलांच्या दिवसांत परसात औषध फवारू नये, हे मला कळकळीनं सांगायचंय. माश्या गेल्या तर बरोबर मुहूर्तावर लावलेली वेलही रिकामी राहते.

बी नसेल तर आपल्याच जिल्ह्यात, राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठानं ‘सम्राट’ दुधी आणि ‘हिरकणी’ कारलं दिलंय. हे वाण संकरित नाहीत, त्यामुळे घरी बी धरता येतं. त्यासाठी वेलीच्या बुडाकडचं एक निकोप फळ पहिल्या बहरातच निवडायचं, ते तसंच पिकू द्यायचं आणि त्याच्या देठाला लाल दोरा बांधायचा, म्हणजे घाईत कोणी भाजीला तोडत नाही.