ढालीचा मंत्र

दिवेलागणीला मी रामरक्षा म्हणत होतो. शेजारी चिरंजीव फूटपट्टी उगारून पुटपुटत होते, "प्रोटेगो!" हॅरी पॉटरच्या दुनियेतली ही अदृश्य ढाल, अंगावर आलेला शाप परतवते. सहाव्या पुस्तकात (२००५) जादू मंत्रालयातल्या कित्येकांना ती साधत नाही, म्हणून मंत्र भरलेल्या ५०० टोप्या खरेदी होतात. सरकारी कचेरी ती, दुसरं काय!

"पण प्राण घेणारा शाप तिनं अडत नाही हं, बाबा," तो म्हणाला. त्याची आई पंधरवडाभर दवाखान्यात होती. "तुमच्या रामरक्षेनं अडतो?"

आमचं कवच मस्तकापासून पावलांपर्यंत एकेक अवयव रामाच्या स्वाधीन करतं. मी पुन्हा मस्तकापासून सुरुवात केली. या वेळी तिचं नाव घेऊन. फूटपट्टी खाली ठेवून तो मांडीला मांडी लावून बसला.