खुनाला मुदत नसते, खटल्याला मात्र वकील लागतो

१. खून होऊन वीस वर्षे उलटली की खटलाच भरता येणार नाही! महायुद्धानंतरच्या पश्चिम जर्मनीत असा कायदा होता. छळछावण्यांत माणसे मारणारे कित्येक जण तेव्हा निर्धास्तपणे संसार करीत होते. त्यांचा पाठपुरावा एका वकिलाने कसा केला आणि त्याचा मराठवाड्याशी काय संबंध, हे पाहू.

२. फ्रिट्झ बाउअर यांचा जन्म १९०३ चा, स्टुटगार्टमधील ज्यू कुटुंबातला. तरुणपणीच ते न्यायाधीश झाले. १९३३ मध्ये नाझींनी त्यांना पदावरून काढून छावणीत डांबले. पुढे डेन्मार्क आणि स्वीडनमध्ये निर्वासिताचे जिणे जगून ते १९४९ मध्ये मायदेशी परतले.

३. १९५६ मध्ये ते हेसन राज्याचे मुख्य सरकारी अभियोक्ता झाले. लाखो ज्यूंना मृत्यूच्या छावण्यांकडे धाडणारा आइकमन अर्जेंटिनात लपल्याचा सुगावा त्यांना लागला. आपल्याच यंत्रणेतून बातमी फुटेल, या धास्तीने त्यांनी तो गुप्तपणे इस्रायलला कळवला. १९६० मध्ये आइकमन पकडला गेला.

४. फ्रँकफर्टचा ऑशविट्झ खटला १९६३ ते १९६५ चालला. साडेतीनशेहून अधिक साक्षी झाल्या. १७ जणांना शिक्षा झाली. जन्मठेप फक्त ६ जणांना. बाउअर १९६८ मध्ये वारले. खुनाच्या खटल्याची मुदत जर्मनीने १९७९ मध्ये कायमची रद्द केली.

५. आता आपल्याकडे. परभणी जिल्ह्यातील राणीसावरगाव हे रेणुकादेवीचे गाव १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात होते. रझाकारांच्या लूट-जाळपोळीच्या आठवणी साऱ्या मराठवाड्यात आहेत. त्यांचा म्होरक्या कासीम रझवी स्वतःच लातूरचा वकील. बीबीनगरच्या दरोड्याच्या खटल्यात त्याला शिक्षा झाली. १९५३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. १९५७ मध्ये तो सुटला आणि पाकिस्तानात निघून गेला.

६. दुसरी बाजूही सांगितलीच पाहिजे. पोलीस कारवाईनंतर अनेक जिल्ह्यांत मुस्लिमांच्या कत्तली झाल्या. भारत सरकारने पाठवलेल्या पंडित सुंदरलाल समितीने मृतांचा अंदाज २७ ते ४० हजार असा दिला. उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर आणि नांदेड हे जिल्हे तिने सर्वाधिक होरपळलेले म्हणून नोंदवले. हा अहवाल सरकारने प्रसिद्ध केला नाही. कित्येक दशके तो सामान्य वाचकापर्यंत पोहोचलाच नाही.

७. भारतीय कायद्यात खुनाच्या खटल्याला कालमर्यादा नाही. जर्मनीत जो अडथळा होता, तो इथे कधीच नव्हता. उणीव होती ती रझाकारांचे बळी आणि सूडाचे बळी, दोघांचीही कागदपत्रे हाती धरून वर्षानुवर्षे न्यायालयाचे दार ठोठावणाऱ्या माणसाची.

८. फ्रँकफर्टच्या खटल्यातील साक्षींचे सुमारे ४३० तासांचे ध्वनिमुद्रण आजही जपलेले आहे. मराठवाड्यात १९४८ साली दहा वर्षांचे असलेले मूल आज पंच्याऐंशी ओलांडून गेले आहे. आता आरोपी उरले नसतील. साक्षीदार मात्र अजून थोडे आहेत. घरात असे कोणी असेल, तर त्यांचे बोलणे या दिवाळीआधीच नोंदवून ठेवावे.